खेळातलं नाव बदलायला पैसे कशाला?

घरात नवा प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्स आला की तो खोक्यातून काढून टीव्हीला जोडेपर्यंतच मुलांचा धीर सुटतो. त्या घाईत यंत्र नाव विचारतं आणि मुलगा सुचेल ते टाकून मोकळा होतो. सिंधुदुर्गातल्या दोडामार्ग तालुक्यातल्या दहा-अकरा वर्षांच्या मुलाला काय सुचेल? दोन दशकांहून जास्त काळ इथल्या रानात आणि बागायतीत हत्ती फिरताहेत, धरण तिलारीचं आहे, जन्म २०११ चा आहे. 'तिलारीचो हत्ती २०११' असं एखादं नाव रोमन अक्षरांत पडतं आणि खेळ सुरू होतो. पुढे फुटबॉलच्या सामन्यात, गाड्यांच्या शर्यतीत, जिंकणाऱ्यांच्या यादीत जगभरच्या खेळाडूंना हेच नाव दिसत राहतं.

चार-पाच वर्षांनी तोच मुलगा म्हापशाला किंवा सावंतवाडीला कॉलेजात जातो. त्याचा आवाज फुटलेला असतो, मित्र बदललेले असतात, आणि पाचवीत घेतलेलं नाव अंगाला लहान होऊ लागतं. ते बदलायचं म्हटलं की कळतं, एकदाच फुकट आहे, नंतर पैसे पडतात, आणि काही जुन्या खेळांत नाव बदलल्यावर मिळवलेलं सगळं जाऊही शकतं. खेळाडूचं नाव बदलणं सोपं असावं, फुकट असावं आणि त्यात त्याचं काही नुकसान होऊ नये, ही मागणी म्हणून साधी आहे. तरीही ती मोठ्यानं करावी लागते, कारण घरातली मोठी माणसं या विषयाकडे पोरखेळ म्हणून पाहतात आणि कंपन्यांना कोणी जाब विचारत नाही.

लाज वाटणं हे नाव बदलण्याचं एक कारण झालं. दुसरं त्याहून गंभीर आहे. मुंबई-पुण्यात आडनाव आणि जन्मवर्षावरून कोणी सापडत नाही, दोडामार्गात सापडतो. साटेली-भेडशी, कोलझर, तळकट, झोळंबे, मणेरी, कुडासे अशा गावांत आडनाव कळलं की वाडी कळते, वाडी कळली की घर कळतं, आणि जन्मवर्ष हाती असेल तर शाळेतली इयत्तासुद्धा कळते. गावाचं नाव, आडनाव आणि वर्ष एकत्र गुंफून मुलगा स्वतःचा पत्ताच पाटीवर लिहून टाकतो. हेडफोन लावून तो ज्यांच्याशी बोलतो त्यांतले बहुतेक त्याच्यासारखेच खेळायला आलेले असतात, पण सगळे नसतात. मुलीच्या बाबतीत तर स्वतःचं पहिलं नावच पुरेसं होतं. माईकवर घाणेरडं ऐकावं लागू नये म्हणून अनेक मुली मुलगी की मुलगा हे कळणार नाही असं नाव घेऊन खेळतात, हे खेळणाऱ्यांना चांगलं ठाऊक आहे. जिनं सुरुवातीला विश्वासानं आपलं खरं नाव दिलं, तिला ते बदलायची गरज पडली तर तिच्याकडून पैसे घेणं हा अन्याय आहे.

सोनीचं प्लेस्टेशन नेटवर्क नोव्हेंबर २००६ मध्ये सुरू झालं. तेव्हापासून बारा वर्षं तिथं नाव बदलायची सोयच नव्हती. नकोसं झालं तर नवं खातं उघडायचं आणि जुन्यातले विकत घेतलेले खेळ, ट्रॉफ्या, मित्रांची यादी मागे टाकायची. खेळाडू वर्षानुवर्षं ओरडत होते. अखेर ऑक्टोबर २०१८ मध्ये कंपनीनं सोय येणार असल्याचं जाहीर केलं आणि एप्रिल २०१९ मध्ये ती सर्वांना खुली झाली. पहिला बदल फुकट. त्यानंतरच्या प्रत्येक बदलाला अमेरिकेत ९.९९ डॉलर, आणि प्लेस्टेशन प्लसच्या वर्गणीदाराला ४.९९ डॉलर. मायक्रोसॉफ्टचं एक्सबॉक्स लाइव्ह नोव्हेंबर २००२ चं. तिथं नाव बदलता येत होतं, पण हिशेब तोच: एकदा फुकट, पुढं ९.९९ डॉलर.

सोनीला बारा वर्षं का लागली, याचं उत्तर त्याच घोषणेसोबत आलेल्या इशाऱ्यांत सापडतं. १ एप्रिल २०१८ नंतर पहिल्यांदा प्रकाशित झालेले पीएस ४ चे खेळ हा बदल सोसतील अशा बेतानं तयार झालेत, असं कंपनीनं सांगितलं. त्याआधीच्या खेळांची हमी नव्हती, पीएस ३ आणि व्हिटा या आधीच्या यंत्रांचे खेळ तर यात धरलेच नव्हते. काही खेळांत गंभीर बिघाड होऊ शकतो म्हणून वेगळी यादी दिली गेली, त्यात 'लिटल बिग प्लॅनेट ३' आणि 'एव्हरीबडीज गोल्फ' यांची नावं होती. बिघाड म्हणजे काय? खेळातली प्रगती पुसली जाणं, खेळातले पैसे जाणं, काही भाग चालेनासे होणं. कारण या खेळांनी खेळाडूची ओळख त्याच्या दिसणाऱ्या नावावरच बांधली होती. नाव बदललं की खेळाच्या लेखी तो माणूसच नवा.

ही बांधणी चुकीची का, ते कोकणातल्या माणसाला सातबाऱ्यावरून झटकन कळेल. जमिनीची ओळख गट क्रमांकानं ठरते. मालक वारला, वारसांची नावं लागली, कोणी विकत घेतली, तरी क्रमांक तोच राहतो. फेरफार होतो, तलाठी नोंद घालतो, हरकतीची मुदत जाते, मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतो आणि फेरफाराचा क्रमांक उताऱ्यावर राहतो, म्हणजे आधी कोण होतं हेही शोधता येतं. काजूची कलमं मात्र जागची हलत नाहीत. ज्यांनी खेळ लिहिताना खात्याला असा कायमचा क्रमांक दिला आणि नाव वरच्या पाटीपुरतं ठेवलं, त्यांना पुढं काहीच अडचण आली नाही. 'माइनक्राफ्ट'नं आधी प्रत्येक खेळाडूला न बदलणारी ओळख दिली आणि मगच, फेब्रुवारी २०१५ पासून, तीस दिवसांतून एकदा नाव फुकट बदलायची मुभा दिली.

म्हणजे अडचण तंत्राची होती आणि ती तंत्रानं सुटलेली आहे. मग शुल्क कशाचं?

कंपन्यांच्या बाजूनं एक उत्तर दिलं जातं आणि ते ऐकून घेण्यासारखं आहे. बदल फुकट केला तर त्रास देणारे दर दिवशी नवं नाव घेतील, आज शिव्या देऊन उद्या साळसूदपणे परत येतील. भीती खरी आहे, पण उपाय चुकला आहे. त्रास देणाऱ्याला दहा डॉलर जड नसतात. ज्याला आईवडिलांकडे पैसे मागायची चोरी आहे, त्यालाच ते जड जातात. रोज नाव बदलणं रोखायचं तर मधे दिवसांचं अंतर ठेवावं. एपिक गेम्सच्या खात्यावर दोन आठवड्यांतून एकदा नाव फुकट बदलता येतं. निन्टेंडोच्या स्विचवर टोपणनाव हवं तेव्हा बदला, कोणी पैसे मागत नाही, आणि म्हणून तिथं अंदाधुंदी माजली असंही झालेलं नाही. तक्रार, ब्लॉक आणि बंदी या तिन्ही गोष्टी खात्याच्या क्रमांकाला चिकटल्या पाहिजेत. मग वरची पाटी किती वेळा रंगवली याला काही महत्त्व उरत नाही.

काहींना वाटतं, टोपणनावंच बंद करा, खरं नाव लावायला लावा, आपोआप शिस्त येईल. हे करून पाहिलेलं आहे. 'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट'च्या ब्लिझार्ड कंपनीनं जुलै २०१० मध्ये जाहीर केलं की तिच्या चर्चामंचावर लिहिणाऱ्याचं खरं नाव आणि आडनाव दिसेल. खेळाडू इतके खवळले, विशेषतः आपला पत्ता शोधला जाईल या भीतीनं, की अवघ्या तीन दिवसांत कंपनीच्या प्रमुखांना निर्णय मागे घ्यावा लागला. दक्षिण कोरियानं तर २००७ मध्ये मोठ्या संकेतस्थळांवर लिहिणाऱ्यांची खरी ओळख तपासणं कायद्यानंच सक्तीचं केलं होतं. ऑगस्ट २०१२ मध्ये तिथल्या घटना न्यायालयानं तो कायदा एकमतानं रद्द ठरवला.

आणि टोपणनावाची परंपरा सिंधुदुर्गाला परकी कुठं आहे? चिंतामणी त्र्यंबक खानोलकर वेंगुर्ल्याजवळच्या बागलांची राई इथले. कादंबऱ्या आणि नाटकं त्यांनी स्वतःच्या नावानं लिहिली, कविता मात्र आरती प्रभू या नावानं. 'जोगवा' वाचणाऱ्याला कवी बाई आहे की बुवा, हे नावावरून कळत नव्हतं आणि कवितेचं त्यानं काही बिघडलं नाही. वेंगुर्ले तालुक्यातल्या आरवलीचे जयवंत दळवी 'ललित' मासिकात ठणठणपाळ झाले आणि साहित्यातल्या बड्या बड्या मंडळींच्या टोप्या उडवत राहिले. दोघांनीही कामाप्रमाणे नाव घेतलं. खानोलकरांना कवितेसाठी एक चेहरा हवा होता आणि गद्यासाठी दुसरा, दळवींना थट्टेसाठी मुखवटा. आज साटेलीच्या मुलाला शर्यतीच्या खेळात एक नाव हवं असेल आणि मित्रांसोबतच्या फुटबॉलमध्ये दुसरं, तर त्याची गरज त्याच जातीची आहे. रात्रभर दशावतार पाहून वाढलेल्या मुलांना हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. गावातलाच माणूस मुकुट चढवून राजा होतो आणि पहाटे परत कामाला लागतो, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं असतं.

प्रत्यक्ष आयुष्यात नाव बदलणं आपल्याकडे आणखी जुनं आहे, आणि ते नेहमी मर्जीनं झालेलं नाही. लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीनं नवं नाव लिहिलं जायचं आणि विठाबाईची एका दिवसात सुमती व्हायची. तिला कोणी विचारत नसे. आता अनेक घरांत विचारतात, आणि अनेक मुली माहेरचंच नाव ठेवतात. १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात महाराष्ट्र शासनानं आईचं नावही घेतलं आहे: आधी बाळाचं, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. नाव हे माणसाच्या संमतीचं आहे, हा विचार इतका पुढे आलेला असताना खेळाच्या पडद्यावर तो अडून राहावा हे खटकतं.

कोणी म्हणेल, सरकारही नाव बदलायला शुल्क घेतंच की. घेतं. महाराष्ट्रात नाव बदललं की राजपत्रात प्रसिद्ध करावं लागतं. दोडामार्गाहून काही मिनिटांत हद्द ओलांडून गोव्यात शिरलं की कायदाच वेगळा, तिथं नाव आणि आडनाव बदलण्यासाठी १९९० चा स्वतंत्र अधिनियम आहे. पण राजपत्रातला बदल कागदोपत्री पुरावा बनतो, पासपोर्टपासून जमिनीपर्यंत चालतो. त्यामागे छपाई आहे, तपासणी आहे, अभिलेख जपणं आहे. खेळातल्या नावाचा पुरावा म्हणून कुठंच उपयोग नाही. कंपनीच्या यंत्रात एक ओळ बदलते. त्या ओळीसाठी अमेरिकेतला दर धरला तरी आजच्या भावानं आठशे रुपयांच्या वर रक्कम होते, आणि तेवढ्यात सवलतीच्या काळात एखादा जुना खेळ विकत मिळतो.

बदल करताना पडद्यावर काय दिसतं, तेही पालकांनी एकदा बघून ठेवावं. पीएस ५ वर सेटिंग्जमध्ये जायचं, तिथून यूजर्स अँड अकाउंट्स, मग अकाउंट, मग प्रोफाइल, आणि तिथं ऑनलाइन आयडी. आधी इशाऱ्यांची पानं येतात, ती न वाचता पुढे ढकलू नयेत. मग नाव टाकायचं: तीन ते सोळा अक्षरं, सुरुवात अक्षरानंच, मधे आकडे आणि जोडरेघ चालते. आधीच कोणी घेतलेलं असेल तर यंत्र सांगतं. शेवटी ते विचारतं, जुनं नाव तीस दिवस नव्या नावाशेजारी दाखवू का? मित्रांनी ओळखावं म्हणून बदलत असाल तर होय म्हणावं. पण कोणी मागे लागलंय म्हणून बदलत असाल तर इथंच नाही म्हणायला हवं, नाहीतर महिनाभर तो माणूस दोन्ही नावं शेजारी शेजारी वाचत राहील. जुनं नाव दुसऱ्या कोणाला दिलं जात नाही, ते आपल्याच खात्याशी राखून ठेवलेलं असतं आणि त्यावर परत जायला पैसे पडत नाहीत. ही सोय सोनीनं नीट विचारानं केली आहे, तेवढं श्रेय तिला द्यायला हवं.

जुनं नाव इतरांना किती दिसावं, यावर 'माइनक्राफ्ट'चा अनुभव मोलाचा आहे. कोणत्याही खात्याची आधीची सगळी नावं पाहण्याची सोय तिथं बरीच वर्षं उघडी होती. सप्टेंबर २०२२ मध्ये खेळाडूंच्या सुरक्षिततेचं कारण देऊन ती काढून टाकली गेली. योग्यच झालं. नाव बदलणाऱ्यांत छळातून सुटू पाहणाऱ्या मुली असतात, आपली लिंगओळख नव्यानं सांगणारी माणसं असतात, चुकून पत्ता उघड करून बसलेली मुलं असतात. त्यांचं जुनं नाव कंपनीच्या दप्तरात राहावं, तक्रार आली तर पोलिसांना मिळावं, पण प्रत्येक वाटसरूला ते बघता येऊ नये.

देवनागरीचा मुद्दा यातून वेगळा काढता येणार नाही. प्लेस्टेशनवर आजही नाव रोमन अक्षरांतच घ्यावं लागतं. मायक्रोसॉफ्टनं जून २०१९ मध्ये एक्सबॉक्सच्या नावांसाठी जगातल्या तेरा लिप्या खुल्या केल्या, त्यांत देवनागरीही आहे. त्या वेळी नावाची लांबी बारा अक्षरांवर आणली गेली, आणि कोणी आधीच घेतलेलं नाव हवं असेल तर त्यापुढं आकडे जोडून मिळू लागलं. यामुळे नावासाठीची मारामारी बरीच थांबली. लांबीचा प्रश्न मात्र उरतो. संगणक देवनागरी साठवतो तेव्हा काना, मात्रा, वेलांटी, हलन्त हे सगळं सुटं सुटं धरतो. 'दोडामार्ग' डोळ्यांना चार अक्षरांचं दिसतं, यंत्रात त्याची नऊ चिन्हं होतात, 'सिंधुदुर्ग' दहा. मर्यादा या चिन्हांत मोजली तर बारा अक्षरं म्हणून मिळालेल्या जागेत डोळ्यांना दिसणारी जेमतेम निम्मीच अक्षरं बसतात. देवनागरी देणाऱ्यांनी ती देवनागरीच्या मापानं द्यावी, आणि सोनीनं आता यात मागे राहू नये.

कायदा काय म्हणतो? डिजिटल व्यक्तिगत विदा संरक्षण अधिनियम २०२३ मध्ये संसदेनं मंजूर केला आणि त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले. तो टप्प्याटप्प्यानं लागू होतो आहे. त्याच्या कलम १२ नं माणसाला आपली माहिती दुरुस्त करून घेण्याचा आणि खोडून घेण्याचा हक्क दिला आहे. अठरा वर्षांखालच्या मुलाची माहिती वापरायची तर पालकांची पडताळलेली संमती लागते. गावाचं नाव आणि जन्मवर्ष असलेलं खेळाडूचं नाव ही व्यक्तिगत माहितीच आहे, असं मानायला पूर्ण जागा आहे. मग ती दुरुस्त करायला शुल्क कसं घेता येईल? निदान अठराव्या वर्षापूर्वी घेतलेलं नाव बदलायला एकही पैसा घेऊ नये, एवढं तरी सरकारनं कंपन्यांकडून वदवून घ्यावं. ज्या वयात केलेला करार कायद्यात टिकत नाही, त्या वयात घेतलेल्या नावाचा भुर्दंड मोठेपणी का भरायचा?

तोवर घरातल्या घरात होण्यासारखं बरंच आहे. तालुक्यातली बहुतेक मुलं कन्सोलवर नाही, मोबाइलवरच खेळतात, आणि बीजीएमआय या खेळात नाव बदलायला रिनेम कार्ड लागतं. पण सल्ला दोन्हीकडे एकच लागू पडतो. नावात गाव नको, शाळा नको, जन्मवर्ष नको, फोन नंबरचे आकडे तर मुळीच नकोत. हत्ती खुशाल असू दे. मुलानं आधीच असं नाव घेतलेलं असेल तर त्याला रागावू नये, शेजारी बसून फुकटचा पहिला बदल त्याच कामी लावावा. बदलण्याआधी तो कोणते जुने खेळ अजून खेळतो ते विचारावं आणि ते सोनीच्या यादीत आहेत का, हे पाहून घ्यावं. इंटरनेटची रेंज धड मिळत नाही अशा वाड्यांत हा बदल करताना संपर्क मधेच तुटू नये म्हणून दोडामार्गाच्या बाजारात किंवा नातेवाइकांकडे चांगलं वायफाय असेल तिथून, ब्राउझरवरून खात्यात शिरून तो करता येतो. त्यासाठी कन्सोल उचलून न्यावा लागत नाही. नवं नाव घरातल्या एका वहीत खात्याच्या ईमेलसोबत लिहून ठेवावं, आणि सोबत खेळणाऱ्या मित्रांना ते मुलानं स्वतः फोन करून सांगावं.